पणजीचं माहेर, पणतीच्या नावात

पत्र:
"ताई, माझा मुलगा नऊ वर्षं इंग्लंडमध्ये शेफील्डला असतो. सून तिकडचीच. गोड मुलगी आहे, मला 'आई' म्हणते, पोळ्या लाटायला शिकली. जुलैअखेरीस ती बाळंत होईल. मुलगी आहे हे तिकडे आधीच सांगतात. दोघांनी नाव ठरवलंय 'हॅडली'. मी फोनवर 'छान' म्हणाले आणि फोन ठेवून रडले. हे काय नाव झालं? हे तर आडनाव! आमचे हे म्हणाले, 'अगं, क्रिकेटमधला रिचर्ड हॅडली!' आणि हसत सुटले. माझी मुलगी म्हणाली, 'आई, हडळ ऐकू येतं गं.' माझ्या मनात 'मुक्ता' होतं. मुलाला अर्थ विचारला तर म्हणतो, अर्थबिर्थ काही नाही, आम्हाला आवडलं. सून म्हणाली की ते तिच्या आजीचं लग्नाआधीचं आडनाव आहे. बारसं आम्ही तिकडे जाऊन करणार, मुलगीही येणार आहे. चारचौघांत हे नाव सांगू कसं? विरोध करू, की गप्प बसू?"
एक होणारी आजी, सातारा

उत्तर:

ताई,

तुमचं पत्र मी तीनदा वाचलं. पहिल्यांदा तुमचं रडू दिसलं. दुसऱ्यांदा तुमच्या लेकीचं ते हडळीचं वाक्य टोचलं. तिसऱ्यांदा मात्र एका ओळीपाशी थबकले. "सून म्हणाली की ते तिच्या आजीचं लग्नाआधीचं आडनाव आहे." तुम्ही हे जाता जाता लिहिलंत आणि लगेच बारशाकडे वळलात. मला विचाराल तर तुमच्या पत्रातली गाठ तिथेच सुटते. तिकडे येतेच, पण आधी तुमचा पहिला प्रश्न घेते, कारण तो खरा आहे आणि तुमच्या मुलाने त्याला नीट उत्तर दिलेलं नाही.

अर्थबिर्थ काही नाही, असं तो म्हणाला ना? चुकलं त्याचं. या नावाला अर्थ आहे आणि तो चांगला हजार वर्षं जुना आहे. हॅडली हे मुळात गावाचं नाव. जुन्या इंग्रजीतले दोन शब्द त्यात आहेत. पहिला 'हॅथ', म्हणजे माळरान, ज्यावर हेदर नावाचं बुटकं झुडूप पसरतं. दुसरा 'लेआ', म्हणजे रानात झाडं तोडून मोकळी केलेली जागा. थोडक्यात, माळावरची हेदरने भरलेली मोकळी जागा. सफकमध्ये या नावाचं गाव आहे आणि १०८६ सालच्या डूम्सडे या सरकारी नोंदवहीत त्याची नोंद सापडते. एसेक्समध्ये एक आहे, तिथल्या पडक्या किल्ल्याचं चित्र कॉन्स्टेबल या मोठ्या चित्रकाराने काढलं. श्रॉपशरमध्ये एक आहे, लंडनच्या उत्तर टोकाला एक आहे.

आता तुम्ही सातारच्या, म्हणून तुम्हाला हे लवकर कळेल. आपल्याकडे ऑगस्ट-सप्टेंबरात कासचं पठार जसं फुलतं, तसंच त्याच दिवसांत इंग्लंडचे माळ हेदरने जांभळे होतात. आणि त्यासाठी लांब जायला नको. शेफील्ड शहराची पश्चिमेची कड थेट पीक डिस्ट्रिक्टच्या माळांना टेकलेली आहे. तुमची नात जन्मेल तेव्हा तिच्या नावातला माळ शहराच्या कडेला फुलायला लागला असेल.

आणखी एक सांगते, हे मला स्वतःला फार आवडतं. तो जो 'लेआ' शब्द आहे, नावाच्या शेवटी 'ली' होऊन बसलेला, तो आणि आपला संस्कृतातला 'लोक' हे एकाच मूळ शब्दापासून आले असं भाषेचा अभ्यास करणारे मानतात. 'लोक'चाही जुना अर्थ मोकळी जागा, असाच. पुढे त्याचा अर्थ पसरत जग इतका मोठा झाला. आणि तुमच्या मनात काय होतं? मुक्ता. मोकळी. ताई, तुम्ही आणि तुमची सून हजारो मैलांवर बसून एकाच अर्थाच्या आजूबाजूला फिरत होतात, हे दोघींनाही माहीत नव्हतं.

"हे तर आडनाव!" हा तुमचा दुसरा धक्का. आपल्याला आडनाव म्हणजे नावाचं शेपूट. ते पुढे आलं की शर्ट उलटा घातल्यासारखं वाटतं. पण एक क्षण आपल्याच घरात डोकावून बघा. आपल्या आज्या-पणज्यांची नावं काय होती? काशीबाई, मथुराबाई, द्वारकाबाई, गयाबाई. सगळी गावांची नावं! त्या गावांना जाणं ज्यांच्या नशिबी नव्हतं, त्यांनी ती गावं लेकींच्या नावात घरी आणली. शिवाय गोदावरी, यमुना, कृष्णा या नद्या आहेतच. गावाचं नाव मुलीला देणं आपल्याला नवं नाही, फक्त आपण ते आडनावाच्या वाटेने आणलं नाही. मंगेशीवरून मंगेशकर झालं, साताऱ्यावरून सातारकर झालं आणि ते आडनावातच राहिलं. इंग्रजांकडे गावाचं नाव आधी आडनाव झालं आणि तिथून उडी मारून पहिलं नाव झालं.

ही उडी आजची नाही. सोळाव्या शतकात लेडी जेन ग्रे नावाची राणी अवघे नऊ दिवस गादीवर होती, तिच्या नवऱ्याचं नाव गिल्डफर्ड डडली. हे 'गिल्डफर्ड' आलं कुठून? त्याच्या आईचं माहेरचं आडनाव ते. तिकडच्या मोठ्या घराण्यांत हा रिवाजच होता. आईकडचं घराणं मुलाच्या नावात राखून ठेवायचं. लग्नात बाईचं आडनाव पुसलं जातं, म्हणून ते एका मुलाच्या पहिल्या नावात जपायचं. पुढे अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत हा रिवाज घट्ट रुजला आणि तिथे मुलींनाही अशी नावं मिळू लागली. हॅडलीच घ्या. १८९१ साली सेंट लुईसला जन्मलेली एलिझाबेथ हॅडली रिचर्डसन, पुढे लेखक हेमिंग्वेची पहिली बायको झाली, तिला सगळे हॅडलीच म्हणत. म्हणजे मुलीचं नाव म्हणूनही हे काल-परवाचं नाही.

आणि हे नेहमी घराण्याच्या अभिमानापोटीच होतं असंही नाही. लेखिका हार्पर ली ठाऊक असेल तुम्हाला. हार्पर म्हणजे हार्प नावाचं तंतुवाद्य वाजवणारा, आपल्या सुतार-सोनारांसारखं धंद्यावरून पडलेलं आडनाव. तिच्या बहिणीला लहानपणी ज्या डॉक्टरांनी वाचवलं, त्यांचं ते आडनाव, आईबापांनी कृतज्ञतेने पुढच्या मुलीला दिलं. नटी हेली मिल्स आहे, तिचं 'हेली' आईच्या नावातून आलं; आई मेरी हेली बेल. हेलीतही तीच 'ली' आहे, गवताची मोकळी जागा. हेलीचे सिनेमे १९६० च्या सुमाराला गाजले आणि त्यानंतर इंग्लंड-अमेरिकेत घरोघरी हेली दिसू लागल्या. एका आईची आठवण, आणि पाहता पाहता हजारो मुलींची हाक झाली.

शर्ली या नावाची गोष्ट जरा वेगळी आहे, आणि ती वाचून मला आपलीच एक गोष्ट आठवते. शर्ली हे आधी पुरुषाचंच नाव होतं. शार्लट ब्राँटेने १८४९ साली याच नावाची कादंबरी लिहिली. त्यातल्या नायिकेच्या आईबापांना मुलगा हवा होता. झाली मुलगी, तर मुलासाठी राखलेलं घराण्याचं नाव त्यांनी तिलाच दिलं. त्या कादंबरीनंतर शर्ली मुलींची झाली, आणि पुढे शर्ली टेंपल या बालनटीमुळे तर जगभर गेली. आता आपल्याकडे मुलगा हवा असताना मुलगी झाली की काय नाव ठेवत होते, हे तुम्हाला, साताऱ्यात राहणाऱ्या बाईला मी सांगायला नको. नकुशी. नकोशी. २०११ साली तुमच्याच जिल्ह्यात एका समारंभात २८५ मुलींची ही नावं बदलली गेली. त्या मुलींनी स्वतः नवी नावं निवडली होती. शाळेच्या हजेरीत रोज 'मी नको होते' असं ऐकून ज्या मोठ्या झाल्या, त्यांच्या नावाचा अर्थ अस्सल मराठी होता, घरातल्या प्रत्येकाला कळत होता आणि तरीही त्याने जखम केली.

म्हणून नाव ऐकलं की मी पहिल्यांदा विचारते, हे नाव देताना आईबापांच्या मनात काय होतं? तुमच्या सुनेच्या मनात तिची आजी होती.

आता त्या ओळीकडे येते.

माझी आई लग्न होऊन आली तेव्हा ताटात तांदूळ पसरून त्यावर अंगठीने तिचं नवं नाव गिरवलं गेलं. आडनाव बदललंच, पहिलं नावही बदललं, मधलं नाव वडिलांचं जाऊन नवऱ्याचं आलं. एका सकाळीत तिचं तिन्ही ठिकाणचं नाव गेलं. माहेरच्या नावाने तिला हाक मारणारा एकटा तिचा भाऊ उरला होता. माझे मामा गेले त्या रात्री आई माजघरात भिंतीला टेकून बसली होती आणि तिने स्वतःच ते नाव हळूच दोनदा म्हटलं. मी दारात उभी होते. तिला ते ऐकायचं होतं, आणि म्हणायला आता कोणी नव्हतं. तिच्या माहेरचं आडनाव तर आमच्या घरात कधी उच्चारलंच गेलं नाही. मला आज ते माहीत आहे, माझ्या मुलांना नाही.

तुमच्या सुनेच्या आजीनेही लग्नात हॅडली हे नाव सोडलं असेल. सही बदलली असेल, पाकिटांवरचं नाव बदललं असेल. दोन पिढ्या ते नाव कुणी लावलं नाही. आणि आता तिची नात आपल्या लेकीच्या कपाळी ते पुन्हा लावते आहे, तेही नावाच्या शेवटी नाही, सगळ्यात पुढे. ताई, हे आपल्यापैकी कितीजणींना करता आलं?

बरं, आपला महाराष्ट्रही या वाटेने थोडा पुढे आला आहेच. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर मुलाच्या नावानंतर आधी आईचं नाव, मग वडिलांचं, मग आडनाव असं लिहायचं ठरलं. आईचं नाव कागदावर यायला आपल्याला इतकी वर्षं लागली. तुमची सून त्याच्याही पुढे जाऊन आईच्या आजीच्या माहेरापर्यंत पोचली आहे. मला या मुलीचा मनापासून आदर वाटतो.

आता एक स्पष्टच सांगते. प्रत्येक आडनाववजा नावाचं मी असं कौतुक केलं नसतं. निव्वळ चलती आहे म्हणून उचललेली नावंही पुष्कळ असतात. मॅडिसनच बघा. १९८४ च्या एका हॉलिवूडपटात जलपरीने न्यूयॉर्कच्या रस्त्याची पाटी वाचून हे नाव घेतलं, आणि पुढे अमेरिकेत मुलींच्या नावांत ते पार दुसऱ्या क्रमांकावर जाऊन बसलं. त्यातल्या 'सन'चा अर्थ मुलगा. अॅडिसन, इमर्सन, सगळीकडे तोच 'मुलगा'. मुलीला कुणाचा तरी मुलगा म्हणून हाक मारायची, हे मला पटत नाही, तिकडच्यांना खुशाल पटो. ऍशलीचं तसं नाही. ऍश नावाच्या झाडांतली मोकळी जागा, असा तिचा सरळ अर्थ. तिकडे ते आधी पुरुषांचं नाव होतं, मग १९९१ आणि १९९२ साली अमेरिकेत मुलींच्या नावांत पहिलं आलं. अशी नावं मुलींकडे गेली की सहसा मुलांकडे परत येत नाहीत. आपल्याकडे किरण, सुहास, शशी दोन्हीकडे गुण्यागोविंदाने नांदतात. तिकडे तसं कमी घडतं.

तरुण जोडप्यांना ही नावं का भावतात, तेही समजून घ्या. छोटी असतात, दोन-तीन अक्षरांत संपतात. कुठल्या संताचं किंवा देवाचं ओझं त्यांच्यावर नसतं, त्यामुळे दोन धर्मांच्या घरात कुणाला डावललं असं होत नाही. लाडिक नसतात, पाच वर्षांच्या मुलीला शोभतात आणि पन्नास वर्षांच्या बाईलाही. आणि आपल्या मराठी आडनावाच्या आधी नीट बसतात. तुमचा मुलगा "आम्हाला आवडलं" एवढंच म्हणाला, कारण मुलग्यांना यापुढचं सांगता येत नाही. सुनेला विचारा, ती सांगेल.

खरं सांगायचं तर आपल्याकडच्या नव्या नावांची मला जास्त काळजी वाटते. कुठून तरी कानाला गोड लागलेला शब्द उचलायचा आणि त्याला 'संस्कृतात याचा अर्थ अमुक' असं चिकटवायचं. शब्दकोश उघडला की तिथे काहीच नसतं. त्यापुढे हॅडलीला गाव आहे, माळ आहे, हजार वर्षांचा कागद आहे आणि एक खरी आजी आहे.

आता हडळ. ताई, हे मी टाळणार नाही, कारण तुमच्या लेकीने जे ऐकलं ते उद्या सोसायटीतल्या चार बायकाही ऐकतील. मराठी कानाला 'ह' आणि 'ड' शेजारी आले की आधी हडळच आठवणार, यात तिचा दोष नाही. पण तोंडाने नीट म्हणून बघा. 'हॅ' हा बॅट-कॅरमचा 'अॅ' आहे, 'हडळ'मध्ये तो नाही. 'ळ' इथे नाहीच, 'ली' आहे, माऊलीतली. 'हाडली' म्हणू नका, तिथे मात्र घोळ होतो. दहा वेळा 'हॅडली, हॅडली' म्हणा, अकराव्यांदा हडळ आठवणार नाही. आपल्या नावांचंही तिकडे काय होतं ते तुमच्या मुलाला विचारा. धनश्रीतला 'ध' त्यांना येत नाही, प्राजक्ताची 'प्रजॅक्टा' होते. तरी ते शिकतात, आणि आपल्या मुली तिथे अभिमानाने ती नावं लावतात.

या बाबतीत एक काम तुम्ही करायचं. तुमची लेक बाळाची आत्या आहे. पाळण्यापाशी वाकून बाळाच्या कानात नाव तीच सांगणार, कुर्रर्र करणार, आणि बाकीच्या बायका तिच्या पाठीत धपाटे घालणार. ज्या तोंडाने नाव सांगायचं त्या तोंडाने त्याची चेष्टा झालेली नको. तिला जवळ बसवा आणि सांगा, की हा विनोद आपल्या घरात एकदा झाला, पुरे. नात सहा वर्षांची होईल, मराठी शिकेल, आणि आत्याने आपल्या नावाला काय म्हटलं होतं हे कुणीतरी तिला हसत हसत सांगेल. मुलं अशा गोष्टी विसरत नाहीत. सुनेला हे सांगायचं की नाही? मुलाला एकदा विचारा, तो मराठी आहे, त्याच्या लक्षात आलेलं असणार. पुढचं त्याच्यावर सोडा. चार दिवसांची बाळंतीण असताना हा विषय तिच्यासमोर नको.

तुमच्या यजमानांचं मात्र मला फार बरं वाटलं. ते हसले, पण ते हसणं ओळखीचं आहे. १९८८ साली न्यूझीलंडचा गोलंदाज रिचर्ड हॅडली याने बंगळूरला ३७४ वा कसोटी बळी घेऊन बोथमचा सर्वाधिक बळींचा विक्रम मोडला आणि पुढच्याच कसोटीत वानखेडेवर दोन डावांत मिळून दहा जणांना बाद करून भारताला हरवलं. त्या पिढीच्या माणसांना हे नाव ऐकलं की त्याची ती छोटी धाव आणि चेंडू सोडतानाचा हात दिसतो. स्पेलिंग जरा वेगळं असलं तरी नाव तेच, माळावरचं. आजोबांकडे नातीला सांगायला पहिल्या दिवसापासून एक गोष्ट तयार आहे. त्यांना सांगू द्या. तुम्हाला जे नाव परकं वाटतंय ते त्यांच्या ओठांवर पस्तीस वर्षं आहे.

आणि मुक्ता? तिला सोडू नका. विरोध म्हणून पुढे करू नका, एवढंच. "तुमचं नको, माझं हवं" असं म्हणालात तर सून नम्रपणे गप्प होईल आणि मुलगा फोन कमी करेल. त्यापेक्षा दोघांना एकत्र फोनवर घ्या आणि विचारा, मधल्या नावाच्या जागी मुक्ता चालेल का? त्या देशात मधलं नाव वडिलांचंच हवं असा नियम नाही, ती जागा मोकळी असते, एकाहून जास्त नावंही घालता येतात. तिकडच्या माणसांना मधल्या नावात आजी-पणजीची आठवण ठेवायची सवय असते, त्यामुळे सुनेला हे मागणं विचित्र वाटणार नाही. तिला सांगताना अर्थही सांगा, मोकळी, आणि मोकळी जागा. मला वाटतं ती हे ऐकून हो म्हणेल. नाही म्हणाली तर मात्र दुसऱ्यांदा विचारू नका. हाक मारायला, अंगाईत घालायला मुक्ता तुमचीच आहे. आपल्याकडे एका बाळाला पाळण्यातलं नाव, राशीचं नाव, लाडाचं नाव अशी तीन-तीन नावं असतातच. फक्त बारशात गुपचूप वेगळं नाव सांगून यायचा विचार मनात आला असेल तर तो आजच काढून टाका. जे सांगायचं ते सुनेला आधी माहीत हवं.

कागदाची घाई आहे, तेवढी सांगते. इंग्लंडमध्ये जन्माची नोंद ४२ दिवसांत करावी लागते. पहिलं किंवा मधलं नाव बदलायचं किंवा वाढवायचं असेल तर नोंदीनंतर १२ महिन्यांपर्यंत सोय असते, पण एकदाच नीट केलेलं बरं. नातीचं ओसीआय कार्ड, म्हणजे भारतीय वंशाच्या परदेशी नागरिकांना मिळतं ते, काढाल तेव्हा त्यावर पासपोर्टवरचंच नाव येणार, म्हणून मुक्ता कागदावर हवी असेल तर ती जन्माच्या दाखल्यापासून हवी. स्पेलिंग पणजी जसं लिहायची तसंच ठेवायला सांगा. शेवटी एल-ई-वाय, एल-ई-आय-जी-एच, डबल ई, असे बरेच प्रकार चालतात, आणि नाव जपायचं तर अक्षरंही तिचीच हवीत.

भटजींना पत्रिका दाखवणार असाल आणि नक्षत्राचं अक्षर 'ह' आलं नाही तर मन खट्टू करू नका. राशीचं नाव वेगळं ठेवा, ते तसंही कुणी हाकेला वापरत नाही.

आणि चारचौघांत काय सांगायचं? अगदी साधं. "आमच्या नातीचं नाव हॅडली मुक्ता. हॅडली हे तिच्या पणजीचं माहेर." बघा, हे वाक्य कुठल्याही मराठी बाईसमोर म्हणा. माहेर हा शब्द ऐकला की पुढचा प्रश्न नावाचा येणार नाही, पणजीचा येईल. कोण होती, कुठली होती, काय करायची.

त्याची उत्तरं आज तुमच्याकडे नाहीत. म्हणून पुढच्या फोनला सुनेला तब्येत विचारून झाली की एवढंच म्हणा, "तुझ्या आजीबद्दल सांग ना मला." ती आजी हयात असेल तर तिच्यासाठी इथून काहीतरी घेऊन जा, सातारी कंदी पेढे चालतील. नसेल तर फोटो मागा. आणि बारशाच्या गडबडीनंतर एखाद्या कोरड्या दुपारी मुलाला म्हणा, तो जांभळा माळ दाखव.

ती आजी कुठल्या हॅडलीची, हे कळलं की मला एक ओळ लिहा. मी वाट बघते.